ॲसिडच्या कपाटाचा कूलर

दिवाळी अंकात नोकरीच्या आठवणी लिहिणारी माणसं बहुतेक निवृत्त झालेली असतात. निरोपाच्या शालीची घडी अजून मोडलेली नसते आणि जुनी भांडणं सांगायला ती मोकळी झालेली असतात. माझं तसं नाही. मी कंत्राटी आहे. कंत्राटी माणूस निवृत्त होत नाही, त्याची मुदत संपते. म्हणून भांडणं ताजी असतानाच लिहून टाकते.

संपादकांनी बजावलं आहे की अनुभव लिहा, प्रचार नको. प्रयत्न करते. पण मी लिहायला शिकले तीच मुळात पत्रकं लिहून. अमरावतीला कॉलेजात असताना आमचा विज्ञान प्रचाराचा एक गट होता. बसस्टँडवर उभं राहून आम्ही पत्रकं वाटायचो: अंगातल्या भुतांविरुद्ध, नकली बियाण्यांविरुद्ध, एकदा तर कॉलेजच्या कॅन्टीनमधल्या तेलाविरुद्ध. लोक पत्रक घेत, घडी करत आणि त्याने वारा घालत बसची वाट पाहत. त्यामुळे माझं प्रत्येक वाक्य जरा वरच्या पट्टीत जातं. सवय आहे.

तर, अकोला. तिथे एका संस्थेची माती आणि पानं तपासायची प्रयोगशाळा आहे. संस्थेचं नाव लिहीत नाही. माती तर सगळ्यांना समजते, पण पानं कशाला तपासता, असं मला माझ्या भातकुलीच्या मामीपासून सगळे विचारतात. अचलपूरकडचे संत्रा बागायतदार झाडाची पानं पिशवीत भरून आणतात. झाडाला जस्त कमी पडतं की लोह, हे पान सांगतं. पण ते सहजासहजी सांगत नाही. आधी ते वाळवायचं, त्याची भुकटी करायची, आणि मग ती भुकटी ॲसिडमध्ये उकळत ठेवायची, इतकी की शेवटी भांड्यात पान राहत नाही, पाण्यासारखं स्वच्छ द्रावण राहतं. ते द्रावण मशीनला दिलं की आकडे मिळतात.

यासाठी साधं ॲसिड पुरत नाही. नायट्रिक आणि परक्लोरिक अशा दोन जहाल ॲसिडांचं मिश्रण लागतं. पहिलं कातडीवर पडलं की कातडी पिवळी पडते. दुसरं गरम असताना कागद, लाकूड, गवत, भुकटी, असं जळण्यासारखं काही त्याच्या वाटेत आलं तर पेटतं, कधी स्फोटही होतो. म्हणून भुकटीला आधी नुसतं नायट्रिक घालायचं, तिला त्यात निवांत मुरू द्यायचं, तिची मस्ती उतरली की मगच दुसरं. ज्याला घाई आहे त्याने दुसरी नोकरी बघावी.

आणि ॲसिड पातळ करायचं असेल तर ॲसिड पाण्यात घालायचं, पाणी ॲसिडमध्ये नाही. हा नियम शाळेत सगळ्यांना शिकवतात आणि परीक्षेत सगळे उलटा लिहितात. पाणी वरून ओतलं तर ते तिथल्या तिथे उकळतं आणि ॲसिडसकट तोंडावर उडतं. मी यावर एक सुंदर तक्ता लिहून भिंतीवर लावला होता: लाल अक्षरं, तीन उद्गारचिन्हं. नवीन आलेल्या कोणीही तो वाचला नाही. आमचे गुलाबराव, म्हणजे प्रयोगशाळेतले जुने परिचर, त्यांची शिकवायची पद्धत वेगळी होती.

"हे पाह्य बावा," ते नव्या माणसाला सांगत. "पानी म्हंजे सासरवाडी. ॲसिड म्हंजे जावई. जावई सासरवाडीले येते, थोडा थोडा, हळू हळू. आख्खी सासरवाडी जावयाच्या घरी गेली तं काय होईन?"

"भांडन होईन."

"हाव. तोंड जयीन."

हे कोणी विसरत नसे. माझा तक्ता अजून भिंतीवर आहे, त्यावर कोणीतरी दुधाचा हिशोब लिहिलाय.

आता मुख्य मुद्दा. ॲसिड उकळलं की वाफ निघते. नायट्रिकची वाफ गुळाच्या रंगाची असते आणि ती छातीत गेली तर लगेच काही होत नाही, माणूस घरी जातो, जेवतो, आणि नंतर त्याचा श्वास अडकतो. म्हणून हे काम करायला एक खास कपाट असतं. पुढे वरखाली सरकणारी काच, मागे भिंतीत भोक, भोकात बाहेर हवा फेकणारा पंखा. तुम्ही काचेआडून फक्त हात आत घालायचे. धूर पंख्यासोबत बाहेर जातो, तुम्ही आत शाबूत राहता. एवढंच.

आमच्याकडे हे कपाट होतं. त्यात गणपतीची थर्माकोलची आरास होती, दोन आकाशकंदील होते, आमच्या प्रमुख सरांचं हेल्मेट होतं आणि गुलाबरावांच्या लिंबाच्या लोणच्याची बरणी होती. पंखा कधीकाळी जळला होता आणि त्याच्या पात्यांत चिमणीचं घरटं होतं.

"गुलाबराव, लोणचं इथं कशाला?"

"काच आहे नं मॅडम. मुंग्या येत नाई."

मग ॲसिड कुठे उकळायचं? मागच्या पडवीत. वारा कुठून येतो ते पाहून, त्याच्याकडे पाठ करून, खळ्यावर धान्य उफणतात तसं. वारा फिरला की आम्ही फिरायचो. हॉटप्लेट जागेवर आणि तिच्याभोवती दोन माणसं गोल गोल चालताहेत, असं दृश्य पाहून एका बागायतदाराने चपला काढून हात जोडले होते.

मी याचा जाहीर निषेध केला. म्हणजे पत्रक काढलं. मथळा: 'आमची फुप्फुसे भाड्याने दिलेली नाहीत'. ते प्रयोगशाळेचे प्रमुख देशमुख सर यांच्या टेबलावर ठेवलं. देशमुख सर वाईट माणूस नाही. त्यांना घाम फार येतो आणि वाद आवडत नाही, या दोन गोष्टींवर त्यांचं सगळं प्रशासन चालतं. त्यांनी पत्रक पूर्ण वाचलं, एक शुद्धलेखनाची चूक दुरुस्त केली आणि म्हणाले, "वानखडे मॅडम, हे चौकात वाटायचं असते. ऑफिसात तोंडानं सांगायचं असते."

"तोंडानं सांगते. कपाटाचा पंखा दुरुस्त करा."

"बस, एवढंच? मंग आधी काहून नाई सांगतलं?"

मी आधी सांगितलं होतं. ते जाऊ द्या.

सरांनी खरंच माणूस बोलावला. नेमकी तेव्हा मी तिवशाला चुलतबहिणीच्या लग्नाला गेले होते. मे महिना होता. लग्नात मी सगळ्यांना सांगत सुटले की माझ्या लढ्याला यश आलं. मावशी म्हणाली, "बाई, लढ्याले आलं, आता स्थळ पाह्य."

परत आले तर प्रयोगशाळेचं दार बंद. अकोल्यात मे महिन्यात कोणी दार बंद करून बसत नाही, गुदमरतो माणूस. आत गेले आणि माझ्या अंगावर गार वाऱ्याचा झोत आला. वाळ्याचा वास आला. देशमुख सरांनी आपलं टेबल केबिनमधून उचलून प्रयोगशाळेत आणलं होतं. रिपोर्ट टाइप करणाऱ्या मंगलाताई पदर सैल सोडून बसल्या होत्या. बाकावर मातीच्या पिशव्या मांडीवर घेतलेले चार शेतकरी डोळे मिटून होते. आणि हे सगळे एका दिशेला तोंड करून बसले होते, कीर्तनाला बसावं तसे.

समोर माझं कपाट होतं. काच वर सरकवलेली, गणपतीची आरास गेलेली, आणि आतून, भिंतीतल्या भोकातून, भला मोठा पंखा खोलीत हवा फेकत होता. भोकाच्या बाहेरच्या बाजूला वाळ्याच्या ताट्या लावल्या होत्या. त्यांच्यावर पंपाने पाणी पडत होतं. कपाटाशेजारी ओठावरचा विड्याचा डाग पुसत एक माणूस उभा होता: सलीमभाई. सरांनी बोलावलेला कारागीर. धंदा: कूलर.

आता यात सलीमभाईंचा दोष किती? विचार करा. आपल्याकडे चौकोनी डबा, त्याला पंखा आणि भिंतीत भोक म्हटलं की काय असतं? अख्ख्या वऱ्हाडात त्याला एकच नाव आहे. पुण्यातला कारागीर असता तर त्याने विचारलं असतं. मुंबईतल्याने बिल आधी दिलं असतं. अकोल्याच्या माणसाने मे महिन्यात जे दिसलं ते दुरुस्त केलं.

"मॅडम, देखो," ते म्हणाले, "किसीने पंखा उलटा बसाया था. मोटर बदलली तं हवा बाहेर फेकून राहिला होता. ऐसा कूलर मैंने जिंदगी में नहीं देखा. मी सीधा करून देला."

"सलीमभाई, तो उलटाच पाहिजे."

ते हसले. मग माझ्याकडे पाहून हसायचे थांबले. मग सरांकडे पाहिलं.

"मॅडम प्रवासातून आल्या," सर म्हणाले. "त्यांना पानी द्या."

मी त्यांना समजावलं. वाफ, गुळाचा रंग, छाती, सगळं. समजावताना माझ्या लक्षात आलं की मी त्या झोतात उभी आहे आणि प्रवासाचा घाम वाळतोय आणि फार बरं वाटतंय. चळवळीच्या माणसावर अशी वेळ येऊ नये. मी दोन पावलं बाजूला झाले आणि पुन्हा पहिल्यापासून सांगितलं.

"पन सध्या तं ॲसिड नाई आहे आत," मंगलाताई म्हणाल्या.

"उकळायला ठेवलं की सगळी वाफ तुमच्या तोंडावर येईल."

"मंग नोका ठेवू न माय."

संत्र्याच्या पानांच्या पिशव्या कोपऱ्यात छातीइतक्या साचल्या होत्या. बागायतदार फोन करत होते, खत कोणतं टाकू, झाड पिवळं पडून राहिलं. उकळल्याशिवाय उत्तर नाही. आणि पडवीत आता उकळताही येत नव्हतं, कारण पडवीतली हवा ताट्यांमधून थेट आत येत होती.

पुढच्या दिवसांत मी एकटी पडले. खरं सांगायचं तर चळवळीत एकटं पडायची मला सवय आहे, पण तेव्हा निदान समोर शत्रू असतो. इथे समोर गारवा होता. शेजारच्या कार्यालयातले कारकून काही ना काही विचारायला येऊ लागले. पूर्वी माती गेटवर टाकून पळणारे शेतकरी आता रिपोर्ट हातात मिळेपर्यंत बसायचे, आणि रिपोर्ट मिळाला की त्यातला एकेक शब्द समजावून मागायचे. सामूवर एवढे प्रश्न मला आयुष्यात कोणी विचारले नव्हते. सामू म्हणजे माती आंबट की खारी त्याचा आकडा. एका आजोबांनी तो चार वेळा समजून घेतला आणि पाचव्यांदा झोपी गेले.

मी दुसरं पत्रक काढलं: 'थंडावा हवा की फुप्फुसे?' खाली सह्यांसाठी जागा. ते फिरवलं. मंगलाताईंनी विचारलं, "दोन्ही लिहिलं तं चालते काय?"

एकही सही आली नाही. कूलरच्या हवेने कागद मात्र दोनदा उडाला.

मग मी मिरच्या आणल्या.

लोकांना रसायनशास्त्र कळत नाही, हे मी मानत नाही. लोकांना सांगणाऱ्याची भाषा कळत नाही. आमच्या भातकुलीच्या मामीकडे वाळल्या लाल मिरच्या असतात, तव्यावर पडल्या की शेजारच्या घरातलं बाळ शिंकतं. जेवणाची सुटी संपली होती. सर पंख्यासमोर खुर्चीत रेलले होते. मी हॉटप्लेट कपाटात ठेवली, वर पत्र्याचं ताट, ताटात मिरच्या. सांगून केलं. लपून नाही.

"सर, आज कपाटात तापवायला ठेवते आहे. ॲसिड नाही, मिरच्या आहेत. सगळ्यांनी पाहावं."

"ठेवा," सर डोळे न उघडता म्हणाले. "पंखा नका बंद करू फक्त."

"नाही करत."

आधी एक शेतकरी खाकरला. मग त्याच्या शेजारचा. तिसऱ्याने मान वर करून विचारलं, "फोडनी कायची आहे बाई?" आणि उत्तर ऐकायच्या आत त्याला असा ठसका लागला की मातीची पिशवी मांडीवरून खाली आली. मंगलाताई "माय वो, माय वो" करत उठल्या आणि दार बाहेरून ओढायचं की आतून ढकलायचं ते विसरल्या. गुलाबराव खांद्यावरचा दुपट्टा तोंडाला लावून खुर्च्यांवरून चालत गेले. सर शेवटी उठले, कारण ते पंख्याच्या सगळ्यात जवळ होते आणि त्यांना कळेपर्यंत उशीर झाला होता. पटांगणात निंबाखाली आम्ही सगळे उभे, सगळ्यांच्या डोळ्यांतून पाणी. मी आधीच हॉटप्लेटचं बटन बंद करून, ओला रुमाल बांधून बाहेर आले होते.

"बघितलं?" मी म्हटलं. "हे मिरचीचं झालं. डोळे धुतले की संपलं. नायट्रिकचं असं संपत नाही."

सर बराच वेळ खोकले. मग खिशातून रुमाल काढून त्यांनी चेहरा पुसला आणि गंभीरपणे मान हलवली. मला वाटलं, पटलं.

दुसऱ्या दिवशी दारावर पाटी लागली: 'प्रयोगशाळेत मिरच्या भाजण्यास सक्त मनाई आहे.'

माझ्या आयुष्यात मी अनेक पत्रकं लिहिली, पण एवढ्या ताबडतोब निर्णय झालेला मी पहिल्यांदाच पाहिला.

अर्थात सर मनातून हलले होते. त्यांनी मला बोलावलं आणि तोडगा सांगितला. सलीमभाई दुहेरी बटन लावून देणार. बटन वर केलं की पंखा हवा बाहेर फेकणार, खाली केलं की आत. ॲसिड उकळताना वर, एरवी खाली. सलीमभाईंनी त्याचं चित्रसुद्धा काढून दिलं होतं, सिगारेटच्या पाकिटावर.

"आता तरी झालं समाधान?" सर म्हणाले. "तुमचंही राहिलं, आमचंही राहिलं."

"नाही सर."

"काहून?"

मी सांगितलं. एक, घाम आला की कोणीतरी न बघता बटन खाली करणार. कोण करणार हे मी बोलले नाही, फक्त त्यांच्या कपाळाकडे पाहिलं. दोन, ताट्या भोकालाच राहणार. वाळा म्हणजे गवत. पंखा बाहेर फेकत असताना सगळी वाफ त्या ताट्यांमधूनच जाणार, ॲसिड त्यात मुरत जाणार. पंप बंद असेल तेव्हा ते गवत उन्हात वाळणार. आणि परक्लोरिक मुरलेलं वाळलं गवत म्हणजे काय, हे मी तुम्हाला वर सांगितलं आहे. त्यांना मी परत सांगितलं.

"तुमी प्रत्येक गोष्टीत स्फोट कायले आनता?"

"मी आणत नाही सर. तो असतो."

त्यांनी कूलरच्या हवेत फडफडणाऱ्या फायलींवर पेपरवेट ठेवला. "मॅडम, तुमची मुदत या महिन्याअखेर संपून राहिली. वाढीचा कागद माझ्या सहीसाठी येईन. पानं साचली आहेत, वरून विचारणा आहे. मी वर काय लिहू? कपाट दुरुस्त आहे, पन मॅडम काम करत नाहीत?"

"दुरुस्त नाही, असं लिहा."

"मी भाच्याच्या लग्नाला चाललो. आल्यावर बटन लागेल आणि तुमी पानं उकळाल. नाई तं सही होनार नाई."

एवढं स्पष्ट ते कधी बोलत नसत. गारव्याने माणसाला कणखर केलं होतं.

मी जागेवर येऊन बसले. घरी बाबांना काय सांगू, खोलीचं काय, दुसरी प्रयोगशाळा कुठे शोधू, हे सगळं मनात आलं. चळवळीच्या पत्रकात हे कधी लिहीत नाहीत. नाही म्हटलं मात्र मी मागे घेणार नव्हते. ते कपाट तसं वापरलं असतं तर पहिल्यांदा समोर मी उभी असते, आणि माझ्यानंतर जो कोणी येईल तो.

गुलाबराव माझ्या टेबलाशी येऊन उभे राहिले. त्यांनी शेजारी उभं राहून सगळं ऐकलं होतं, ते नेहमीच ऐकत.

"पोरी, नोकरी जाईन नं तुही."

"जाऊ द्या काका."

"तुही जाईन. मंग पानं कोन उकळीन?"

"नवीन कोणी येईल."

"नवीन येईन दिवाईले. तवालोक?" त्यांच्या चेहऱ्यावर हिशोब चालू होता आणि तो त्यांना आवडत नव्हता. "तवालोक मले सांगतीन. मीच उभा राहीन तठी. अन् माह्या नाकात तं मिरचीचा खकाना अजून आहे."

जे माझ्या दोन पत्रकांना जमलं नव्हतं ते या हिशोबाला जमलं. सर लग्नाला गेल्या गेल्या गुलाबरावांनी सलीमभाईंना बोलावून आणलं.

"पंखा पलटव. ताट्या काढ."

"साहब ने तो टू-वे बोला है."

"साहेब बोलला, उभा मी राहनार. तू राहते काय उभा?"

सलीमभाईंनी माझ्याकडे पाहिलं. मी त्यांना पुन्हा सगळं सांगितलं. यावेळी कूलर हा शब्द न वापरता सांगितलं, कारण तो शब्द निघाला की त्यांचा जीव गुंतायचा. त्यांच्या भाच्याच्या बॅटरीच्या दुकानात ॲसिडने शर्टाला भोकं पडतात हे त्यांना माहीत होतं. "अच्छा, वो वाला धुआं," ते म्हणाले, आणि पाना काढला. पंखा उलटा झाला. भोकाच्या बाहेरून प्लॅस्टिकचा जाड नळ छताच्या वर नेला. ताट्यांवरचं पाणी फिरवणारा पंप फेकायचा नव्हता त्यांना, म्हणून तो नळ आतून धुवायला जोडून घेतला, आणि ते उत्तम झालं, कारण परक्लोरिकच्या वाफेचा नळ दर वेळी पाण्याने धुवावाच लागतो. हे मात्र मी सांगितलं, हे नोंदवून ठेवते.

मी एका कागदाची बारीक पट्टी काचेखाली धरली. पट्टी आत ओढली गेली. हवा योग्य बाजूला चालली होती. मला जिंकल्यासारखं वाटायला हवं होतं. प्रत्यक्षात काही क्षणांत खोली तापली, मंगलाताईंनी कपाळावर हात मारला आणि बाकावरचा शेवटचा शेतकरी रिपोर्ट न घेता निघून गेला.

काढलेल्या ताट्या ओल्या होत्या. चांगला वाळा आहे, पुढच्या वर्षी घरी लावीन, म्हणून गुलाबरावांनी त्या धुतल्या आणि निथळायला समोरच्या खिडकीच्या गजांना बांधून ठेवल्या. खाली पाणी टपकत होतं, मंगलाताई कुरकुरल्या. मग त्या कुरकुरायच्या थांबल्या.

"गुलाबराव, हे काय हो?"

"काय झालं?"

"इकडून येऊन राहिलं."

आम्ही सगळे खिडकीजवळ गेलो. पंखा कपाटातून खोलीतली हवा बाहेर ओढत होता, आणि जेवढी बाहेर जाते तेवढी कुठूनतरी आत यायलाच हवी. ती ओल्या ताट्यांमधून येत होती. गार, वाळ्याचा वास असलेली, कपाटाच्या पंख्याने यायची त्याहून संथ आणि सगळीकडे सारखी. विज्ञानाची साधी गोष्ट आहे, मी पदवीला शिकले आहे, आणि मला सुचलं नव्हतं. मी 'थंडावा हवा की फुप्फुसे' असं विचारत फिरत होते. मंगलाताईंनी दोन्ही मागितलं होतं.

गुलाबरावांनी बादली आणून ताट्यांवर पाणी मारलं. बाक वळवले. सगळे आता खिडकीकडे तोंड करून बसले, कपाटाकडे पाठ.

सर लग्नाहून आले ते दारातूनच घाम पुसत, भांडायच्या तयारीने. आत आले, थांबले. कपाटासमोर तळहात धरला. काही नाही. काचेजवळ गेले. काही नाही.

"पंखा उलटा केला?"

"हो सर."

"मंग गार कुठून लागून राहिलं?"

गुलाबरावांनी हनुवटीने खिडकी दाखवली. सर तिथे गेले, उभे राहिले, शर्टाचं वरचं बटन काढलं. मग मागे न वळता म्हणाले, "हेच मी सांगत होतो तुम्हाले."

त्याच दुपारी त्यांनी टेबल खिडकीपाशी सरकवून घेतलं आणि माझ्या मुदतवाढीवर सही केली. कागदाकडे पाहिलंसुद्धा नाही. सही करताना त्यांचे डोळे मिटलेले होते.

दुसऱ्या दिवशी मी पहिली पानं लावली. आदल्या दिवशी नायट्रिकमध्ये मुरत घातलेली. गॉगल, हातमोजे, सुती ॲप्रन, बाजूला पाण्याची भरलेली बादली. गुळाच्या रंगाची वाफ भांड्यातून उठली, काचेकडे झुकली, माझ्याकडे निघाली असं वाटलं आणि मग वळून भोकातून निघून गेली. मी ती कितीतरी वेळ बघत होते. मागे कोणी खोकलं नाही. मागे कोणी बघतही नव्हतं. मंगलाताई खिडकीशी लिंबू सरबत पीत होत्या.

त्या उन्हाळ्यात साचलेली सगळी पानं झाली. बागायतदारांना उत्तरं मिळाली. कपाटाचा पंखा सकाळी दार उघडल्याबरोबर सुरू व्हायचा, ॲसिड असो की नसो, आणि तो कोणी बंद केला तर सगळे त्याच्यावर ओरडायचे. एवढी शिस्त मी कुठल्याच प्रयोगशाळेत पाहिली नाही. वरून साहेब आले तेव्हा सरांनी त्यांना कपाट दाखवून सुरक्षेवर भाषण दिलं, चांगलं दिलं. माझ्या मागणीचा पूर्ण विजय झाला होता, आणि त्या खोलीत माझं म्हणणं एकाही माणसाला पटलेलं नव्हतं. चळवळीचं याहून मोठं यश आणि याहून मोठा अपमान मला ठाऊक नाही.

मग हिवाळा आला. एका सकाळी मी भांडी मांडत होते. गुलाबराव कानाला मफलर गुंडाळून, हात काखेत घालून, कपाटासमोर येऊन उभे राहिले.

"मॅडम, खिडकीतून भल्लं गार येऊन राहिलं. सारे कुडकुडून राहिले. सलीमले बोलवू काय? थो म्हने पंखा पलटवला का हवा आत येते, अन् हॉटप्लेट चालू असली का गरम येते."

मंगलाताईंनी मान वर केली. सरांनी शाल सारखी केली आणि माझ्याकडे आशेने पाहिलं.

मी हातमोजे काढले, बाक ओढून त्यांच्यासमोर ठेवला, आणि म्हटलं, "बसा काका. नायट्रिक उकळलं की त्याची एक वाफ निघते."